टिकी नक्की कोण? बारमधला मग आणि बेटावरचा पूर्वज

माझा मावसभाऊ सॅन होजेला असतो, मागच्या खेपेला येताना त्याने एक मग आणला. तपकिरी रंगाचा, उंच, त्यावर बटाट्याएवढे डोळे, तोंड वासलेलं, दात विचकलेले. कॉकटेल प्यायचा मग आहे म्हणे, पण एवढं मोठं कॉकटेल आपल्याकडे कोण करणार, म्हणून मी त्यात पेनं ठेवायला लागलो. आईने एकदा टेबल पुसताना तो उचलला आणि विचारलं, "हा कुठला देव रे? आणि याच्या डोक्यात पेनं का खुपसलीत?"

मी म्हटलं टिकी आहे, पॉलिनेशियन देव असतो. आणि मग माझ्या लक्षात आलं की आपल्याला याच्यापुढे काहीच माहीत नाही, आणि जे सांगितलं तेही बहुतेक चुकीचंच आहे. नंतर बरंच वाचलं, त्यातलं जेवढं डोक्यात राहिलं ते इथे सांगतो. (आलू टिक्कीवरचे विनोद मी स्वतःच करून झालोय, तुम्ही नका करू.)

आधी जागा समजून घेऊ. नकाशात पॅसिफिक महासागर काढा आणि एक भलामोठा त्रिकोण आखा, वरच्या टोकाला हवाई, खाली डावीकडे न्यूझीलंड आणि उजवीकडे लांब एकटं पडलेलं ईस्टर आयलंड, म्हणजे रापा नुई. या त्रिकोणात जी बेटं येतात ते पॉलिनेशिया, सामोआ, टोंगा, ताहिती, मार्केसस वगैरे सगळं यातच. त्रिकोणात जमीन अगदी चिमूटभर, बाकी पाणीच पाणी. या लोकांचे पूर्वज काही हजार वर्षांपूर्वी तैवानच्या बाजूने निघाले आणि बेटामागून बेट धरत पुढे सरकले, टोंगा-सामोआला आजपासून साधारण २८०० वर्षांपूर्वी पोचले, आणि न्यूझीलंडला तर इसवी सन १३०० च्या आसपास, म्हणजे आपल्याकडे ज्ञानेश्वरी लिहून झाली होती तेव्हा. बोटीत बरोबर काय होतं? नारळ, केळी, निरफणस, कोंबड्या, आणि अळू. हो, आपलंच अळू, फक्त आपण पानांच्या वड्या नि फदफदं करतो, आणि हवाईत त्याचे कंद उकडून कुटून 'पोई' नावाचा लगदा करतात. बोटीला बाजूने तोल सांभाळायला लाकूड बांधलेलं असतं, कोकणात त्याला उलांडी म्हणतात, तीच आयडिया त्यांच्याकडेही आहे.

आता टिकी. हा शब्द बेटाबेटावर बदलतो, माओरी (न्यूझीलंडचे मूळ लोक) आणि मार्केससमध्ये टिकी, ताहितीत 'टिई', हवाईत 'किई'. माओरींच्या बऱ्याच कथांमध्ये टिकी हा पहिला माणूस, देवाने घडवलेला. म्हणजे देव नाहीच तो, माणूस! आणि त्याच शब्दाचा दुसरा अर्थ म्हणजे माणसाच्या आकाराची कोरलेली मूर्ती, लाकडाची, दगडाची, हाडाची. त्यातल्या काही देवांच्या असतात हे खरं, पण बऱ्याच मूर्ती पूर्वजांच्या असतात, म्हणजे कुणीतरी होऊन गेलेला सरदार, लढवय्या, पुरोहित, ज्याची आठवण आणि ज्याची ताकद त्या घराण्याला जवळ ठेवायची आहे. आपल्याकडे देव्हाऱ्यात कुलदेवतेबरोबर गेलेल्या माणसांचेही टाक असतात ना, मला ते वाचताना तेच आठवलं. तंतोतंत तसंच आहे असं म्हणत नाही, पण टिकीला "राक्षसी तोंडाचा आदिवासी देव" समजण्यापेक्षा हे जास्त जवळ जातं.

दोन शब्द कळले की बाकीचं सोपं होतं. एक 'माना'. ही एक प्रकारची शक्ती, तेज म्हणा, सत्त्व म्हणा, जी काही माणसांत, वस्तूंत, जागांत कमी-जास्त असते, वाढते, कमी होते, वंशातून पुढे येते. दुसरा 'टापू', हवाईत 'कापू'. जिथे माना जास्त तिथे टापू, म्हणजे हात लावायचा नाही, वाटेल त्याने जवळ जायचं नाही, ठरलेल्या माणसाने ठरलेल्या पद्धतीनेच करायचं. इंग्रजीतला 'टॅबू' शब्द इथूनच आला, कॅप्टन कुकने १७७७ मध्ये टोंगामध्ये ऐकला आणि तो युरोपात घेऊन गेला. मराठी माणसाला टापू समजावायला फार कष्ट पडू नयेत, सोवळं-ओवळं ज्याने घरात पाहिलंय त्याला लगेच कळेल.

डोकं शरीरात सगळ्यात टापू, कारण माना तिथे जास्त, म्हणून मार्केससच्या टिकीचं डोकं अंगाच्या मानाने अवाढव्य असतं, डोळे मोठे गोल, हात पोटावर, गुडघे वाकलेले. कारागिराला प्रमाण जमलं नाही असं नाही, मुद्दाम तसं. आणि नुसती कोरून ठेवली की मूर्ती जागृत झाली असंही नाही, मंत्र म्हणायचे, झाडाची साल कुटून केलेल्या कापडात गुंडाळायची, काथ्याची दोरी बांधायची, विधी झाला की मग त्यात देव किंवा पूर्वज येऊन राहणार. म्हणजे प्राणप्रतिष्ठाच की. विधी नसेल तर ते लाकूड. (म्हणजे माझ्या मगात कुणी राहत नाही हे मी आईला सांगून टाकलं, तेवढाच दिलासा.)

मार्केससमधल्या हिवा ओआ नावाच्या बेटावर पुआमाऊची दरी आहे, तिथे जुन्या पूजास्थानावर ताकाई नावाची दगडी मूर्ती उभी आहे, अडीच मीटरच्या आसपास उंच. ताकाई हा ताकदीसाठी गाजलेला एक सरदार होता. मूर्तीला नाव आहे ते त्याचं. हे नावाचं लक्षात ठेवा, शेवटी लागणार आहे. न्यूझीलंडमध्ये 'हेई-टिकी' असते, हिरव्या जेडची छोटी मूर्ती, डोकं एका बाजूला कललेलं, गळ्यात घालायची, आईकडून मुलीकडे वगैरे पिढ्यान् पिढ्या जाते, आणि त्यातल्या कित्येकांना स्वतःचं नाव असतं, कोणाकोणाच्या गळ्यात होती तो इतिहास घरच्यांना तोंडपाठ असतो. (१९६०-७० मध्ये न्यूझीलंडची विमान कंपनी प्रवाशांना याचीच प्लास्टिकची कॉपी फुकट वाटायची.) आणि रापा नुईचे ते प्रसिद्ध दगडी पुतळे, त्यांना मोआई म्हणतात, तेही पूर्वजच, पण त्यांना टिकी म्हणू नका, अमेरिकन मग बनवणारे सगळं एकत्र कालवतात म्हणून आपणही कालवायला पाहिजे असं नाही.

मग या मूर्ती गेल्या कुठे? मला वाटायचं मिशनरी आले आणि त्यांनी जाळल्या. बऱ्याच बेटांवर तसंच झालं, पण हवाईची गोष्ट वेगळी निघाली आणि मला ती सगळ्यात जास्त आवडली. तिथे कापूचा नियम असा की बायका-पुरुषांनी एकत्र जेवायचं नाही, आणि बायकांनी डुकराचं मटण, केळी, नारळ खायचा नाही, मोडला तर थेट मृत्युदंड. १८१९ च्या मे महिन्यात पहिला कामेहामेहा राजा वारला, त्याची लाडकी राणी काआहुमानू हिने राज्यकारभारात अर्धा वाटा घेतला, आणि तिने आणि नव्या तरुण राजाच्या आईने मिळून त्याला गळ घातली. नोव्हेंबरात मोठं जेवण ठेवलं, सगळे बघत असताना राजा उठला, बायकांच्या पंगतीला जाऊन बसला आणि जेवायला लागला. झालं! कापू मोडला. देवांनी काही केलं नाही. मग देवळं पाडायचा, मूर्ती जाळायचा हुकूम निघाला. मिशनऱ्यांचं जहाज पोचलं १८२० मध्ये, त्यांना कळेना की आपण ज्या देवांशी भांडायला आलो ते आधीच कसे गेले. अर्थात सगळ्यांना हे मान्य नव्हतं, राजाच्याच चुलतभावाने जुन्या धर्मासाठी लढाई केली आणि तो त्यात मेला. आणि लोकांनी गुपचूप पुष्कळ मूर्ती गुहांमध्ये लपवल्याही.

युद्धदेव कू याच्या देवळातल्या, माणसाहून उंच मूर्ती जगात आता तीनच उरल्यात. एक लंडनला ब्रिटिश म्युझियममध्ये, एक अमेरिकेत सेलमला, आणि एकच घरी, होनोलुलूच्या बिशप म्युझियममध्ये. २०१० मध्ये काही महिन्यांसाठी तिघांना होनोलुलूत एकत्र उभं केलं होतं, मग दोघे परत गेले.

ब्रिटिश म्युझियममध्येच रुरुतु बेटावरची आ-आ नावाची लाकडी मूर्ती आहे, तिच्या अंगावर, अगदी डोळे-नाक-तोंडाच्या जागीसुद्धा, छोट्या छोट्या ३० आकृत्या कोरल्यात आणि पाठीत झाकण असलेली पोकळी आहे. १८२१ मध्ये रुरुतुच्या लोकांनी ती स्वतः मिशनऱ्यांना नेऊन दिली, आम्ही ख्रिश्चन झालो याचा पुरावा म्हणून. पुढे पिकासोने तिची ब्राँझची कॉपी आपल्या स्टुडिओत ठेवली. म्हणजे बेटावरचा पूर्वज आधी मिशनचा पुरावा झाला आणि मग मॉडर्न आर्टचा गुरू. आणि त्याच काळात बेटांवर माणसंच मरत होती, युरोपातून आलेल्या रोगांनी मार्केससची लोकसंख्या इतकी घसरली की १९२० च्या दशकात तिथे जेमतेम २००० लोक उरले होते. मूर्ती कोरणारे हातच संपत आले होते.

आणि नेमक्या याच्या पुढच्याच दशकात अमेरिकेत टिकीचा दुसरा जन्म होतो, बारमध्ये.

अमेरिकेत तेव्हा दारूबंदी होती, ती १९३३ च्या डिसेंबरात उठली. अर्नेस्ट गँट नावाचा एक फिरस्ता होता, कॅरिबियन आणि दक्षिण पॅसिफिक हिंडून आलेला, खिशात पैसे बेताचेच. त्याने हॉलिवूडमध्ये एक चिमुकला बार उघडला, डॉन द बीचकॉम्बर. सजावट म्हणजे समुद्रावर वाहून आलेलं सामान, जाळी, बांबू, काचेचे गोळे. रम निवडली कारण दारूबंदीनंतर बाजारात ती स्वस्त नि भरपूर होती. बाहेर मंदी, लोकांच्या हाताला काम नाही, आणि आत अंधार, गारवा, पत्र्यावर पावसाचा आवाज. तो पाऊस खोटा, पाइपने छपरावर पाणी सोडायचे म्हणे, म्हणजे गिऱ्हाईक म्हणणार, पाऊस थांबेपर्यंत अजून एक घेऊ! (या माणसाला धंदा कळत होता.) झॉम्बी नावाचं त्याचं ड्रिंक एवढं जालीम होतं की एका माणसाला दोनपेक्षा जास्त द्यायचे नाहीत. बार एवढा चालला की गड्याने स्वतःचं नावच बदलून डॉन बीच करून घेतलं.

पण खरी गंमत काउंटरच्या मागे. पेयं बनवणारी मुलं बरीचशी फिलिपिनो होती. डॉनला भीती की आपली रेसिपी कुणी पळवेल, म्हणून बाटल्यांवर नावं नाहीत, फक्त नंबर आणि सांकेतिक शब्द, म्हणजे बनवणाऱ्यालाही कळायचं नाही आपण नक्की काय ओततोय. या फिलिपिनो कारागिरांची नावं जाहिरातीत कधी आली नाहीत, गिऱ्हाइकाला हे "बेटावरचे लोक" वाटायचे आणि मालकाला ते सोयीचंच होतं. त्यातल्या रे बुहेनने मात्र १९६१ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये स्वतःचा टिकी-टी नावाचा बार काढला, अगदी पिटुकला, तो आजही त्याचंच घर चालवतं.

दुसरा गडी व्हिक्टर बर्जेरॉन. कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये १९३४ पासून त्याचं साधं हॉटेल होतं, त्याने डॉनचा बार पाहिला, घरी येऊन सगळी सजावट बदलली आणि ट्रेडर व्हिक्स नाव दिलं. लहानपणी क्षयाने त्याचा एक पाय गेला होता, तो गिऱ्हाइकांना सांगायचा शार्कने खाल्ला. १९४४ मध्ये त्याने जुनी जमैकन रम, लिंबू, संत्र्याचं क्युरासाव आणि बदामाचं सरबत मिसळून एक पेय केलं, ताहितीहून आलेल्या मित्रांना चाखायला दिलं, ते म्हणाले "माईताई", म्हणजे छान! तेच नाव पडलं, माय ताय. (डॉन म्हणायचा की माझ्या पेयावरून उचललंय, हे भांडण दोघं मरेपर्यंत चाललं.) आज सगळीकडे माय तायमध्ये अननसाचा रस घालतात, मूळ रेसिपीत तो नव्हताच.

आता जरा हिशोब मांडू. रम कॅरिबियनची. बदामाचं सरबत युरोपचं. बनवणारे फिलिपिनो. जेवण बहुतेक कँटनच्या चिनी पद्धतीचं, फक्त नाव 'पुपु प्लॅटर', पुपु हा हवाईयन शब्द. मालक अमेरिकन गोरे. आणि पॉलिनेशियात तर युरोपियन येईपर्यंत दारू नव्हतीच, ते 'कावा' प्यायचे, एका झाडाच्या मुळ्या कुटून पाण्यात कालवलेला मातकट काढा, जीभ जरा बधिर होते, डोकं शांत होतं, आणि तोही बैठकीत, मानपान सांभाळून. म्हणजे पॉलिनेशियाचं या सगळ्यात काय होतं? नाव आणि चेहरा. बस.

हे फॅड एवढं मोठं का झालं? कारण युद्ध. दुसऱ्या महायुद्धात लाखो अमेरिकन सैनिक पॅसिफिकमध्ये गेले, चिखल, मलेरिया, गोळीबार बघून परत आले, आणि काही वर्षांनी आठवणीतून चिखल गळून पडला नि नारळाची झाडं उरली. त्यावरची पुस्तकं, ब्रॉडवेची नाटकं तुफान चालली. १९५९ मध्ये हवाई अमेरिकेचं राज्य झालं, जेट विमानं सुरू झाली, एल्व्हिसने तिकडे जाऊन सिनेमा केला, १९६३ मध्ये डिस्नेलँडने गाणारे यांत्रिक पक्षी आणि बोलणारे टिकी यांची एक आख्खी खोली उघडली. बोलिंग अ‍ॅली, मोटेल, बिल्डिंगा, घरामागचं अंगण, सगळीकडे टिकी. दिवसभर टाय लावून ऑफिसात बसणाऱ्या माणसाला शनिवारी रात्री रंगीत शर्ट घालून जरा सैल व्हायला निमित्त मिळालं, एवढाच त्याचा अर्थ होता.

आणि हो, कॉन-टिकी! आपल्याकडे बऱ्याच जणांनी टिकी शब्द पहिल्यांदा ऐकला तो इथेच. १९४७ मध्ये नॉर्वेचा थोर हायरडाल पाच साथीदारांसह कॉन-टिकी नावाच्या, बाल्सा लाकडाच्या तराफ्यावरून पेरूहून निघाला आणि १०१ दिवसांनी पॉलिनेशियात पोचला. त्याला सिद्ध करायचं होतं की पॉलिनेशियात माणसं दक्षिण अमेरिकेतून आली. धाडस शंभर टक्के, सिद्धांत चुकीचा. भाषा, भांडी, डीएनए सगळं आशियाकडेच बोट दाखवतं. फक्त एक रताळं मध्ये येतं. आपण उपासाला खातो ते रताळं मूळचं दक्षिण अमेरिकेचं, आणि ते युरोपियन लोकांच्या आधीपासून पॉलिनेशियात होतं, २०२० मधल्या डीएनए अभ्यासातही साधारण इसवी सन १२०० च्या सुमारास दोन्हीकडच्या लोकांची गाठ पडल्याचं दिसलं. पण एवढा समुद्र माहीत असलेले दर्यावर्दी पॉलिनेशियनच होते, त्यामुळे बहुधा तेच तिकडे जाऊन रताळं घेऊन आले असावेत असं पुष्कळ अभ्यासक मानतात.

मजा इथपर्यंत ठीक, आता पुढचं जरा कडू आहे. ज्या हवाईच्या नावाने हे सगळं चाललं होतं तिथली राणी लिलिउओकलानी हिला १८९३ मध्ये अमेरिकन धंदेवाल्यांनी गादीवरून खाली खेचलं होतं आणि १८९६ पासून शाळांमध्ये हवाईयन भाषेत शिकवणं बंद झालं होतं. टिकी बार भरात असताना, १९६६ ला, फ्रान्सने त्याच पॉलिनेशियात मोरुरोआ बेटावर अणुस्फोट सुरू केले, १९९६ पर्यंत मोरुरोआ आणि शेजारच्या फांगाटाउफा मिळून १९३ चाचण्या. स्वर्ग म्हणून ज्याचं पोस्टर लावलं तिथेच बॉम्ब फोडले, आणि पोस्टर काही कुणी उतरवलं नाही.

सत्तरच्या दशकात हे फॅड ओसरलं, मुलांना आईबापांची फॅशन जुनाट वाटते तसंच, शिवाय व्हिएतनामनंतर आशियातलं जंगल बघून कुणाला सुट्टी आठवेना. नव्वदनंतर काही हौशी लोकांनी जुने मेन्यू, मग गोळा केले, जेफ बेरी नावाच्या माणसाने डॉनचे ते सांकेतिक नंबर वर्षानुवर्षं खपून उलगडले, आणि पुन्हा बार निघायला लागले. मला विचाराल तर कॉकटेल म्हणून हा प्रकार खरंच कसबाचा आहे, त्याला नावं ठेवायचं कारण नाही. प्रश्न चेहऱ्याचा आहे. २०१६ मध्ये डिस्नेने मोआना सिनेमाच्या वेळी त्यातल्या माउई या पॉलिनेशियन अर्धदेवाचा पोशाख विकायला काढला, म्हणजे तपकिरी कातडीचा, गोंदण छापलेला अंगभर सूट, मुलांनी घालायला! बेटांवरचे लोक भडकले, कारण तिकडे गोंदण म्हणजे वंशावळ असते, अंगात घालून काढून ठेवायची गोष्ट नाही. डिस्नेने तो मागे घेतला. २०१७ मध्ये अमेरिकेत शार्लट्सव्हिलला गोऱ्या वंशवाद्यांनी रात्री मोर्चा काढला तेव्हा हातात काय, तर बागेत पार्टीला लावायच्या टिकी मशाली. एका पूर्वजाचं नाव फिरत फिरत कुठे जाऊन पोचलं बघा.

तिकडे बेटांवर मात्र गोष्ट वेगळीच चालू आहे. १९७६ मध्ये होकुलेआ नावाची जोडहोडी हवाईहून ताहितीला गेली, सुमारे ४००० किलोमीटर, होकायंत्र नाही की नकाशा नाही, फक्त तारे, लाटा, पक्षी. ती चालवायची विद्या हवाईत उरली नव्हती म्हणून मायक्रोनेशियातल्या सातावाल बेटावरून माऊ पियाइलुग या जाणत्याला बोलावलं होतं, आणि ताहितीच्या बंदरात हजारो लोक होडी बघायला जमले. मार्केससमध्ये १९८७ पासून मातावा उत्सव भरतो, नाच, गोंदण, कोरीवकाम सगळं पुन्हा शिकतात, आणि २०२४ मध्ये ती बेटं जागतिक वारसा यादीत आली. तिथले कारागीर आजही टिकी कोरतात, पर्यटकांसाठीही कोरतात आणि स्वतःसाठीही.

हे सगळं मी आईला एका संध्याकाळी सांगितलं, भाजी निवडता निवडता तिने ऐकलं. काआहुमानूचं जेवण तिला फार आवडलं, ते दोनदा सांगायला लावलं. नंतर तो मग हातात घेऊन म्हणाली, "ते सगळं ठीक आहे रे, त्या दगडाच्याला नाव आहे म्हणालास. याचं नाव काय?"

मी पेनं काढली, मग उलटा करून बघितला. खाली लिहिलं होतं, डिशवॉशरमध्ये चालेल.